अधांतरी मनोरे आणि गिरीजची वाट

गुरुत्वाला न जुमानणारे अधांतरी मनोरे, मागील शतकात उघडणारे दरवाजे, चढताना माणूस तरुण होतो असे जिने : भविष्यकालीन वास्तुशैलीची अशी वर्णने विज्ञानकथेत आली, की मराठी समीक्षा सहसा दोनच प्रश्न विचारते. यातले विज्ञान कितपत अचूक, आणि कल्पनेची झेप केवढी? हे दोन्ही प्रश्न साहित्यकृतीच्या बाहेरचे आहेत. पहिला प्रश्न कथेला परीक्षेला बसवतो, तर दुसरा तिला सर्कशीत उभे करतो.

काळ वाकवणारी इमारत ही मुळात भविष्याची मिरासदारी नव्हे. 1960 साली पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्ड विद्यापीठातील जेफरसन प्रयोगशाळेच्या मनोऱ्यात, अवघ्या 22.5 मीटर उंचीच्या अंतरावर, गुरुत्वामुळे गॅमा किरणांच्या वारंवारतेत पडणारा फरक मोजून दाखवला. वरच्या मजल्यावरचे घड्याळ तळमजल्यावरच्या घड्याळापेक्षा किंचित जलद चालते. दर मीटरला सुमारे कोटी अब्जांत एक भाग इतके. म्हणजे विरारमधील कोणत्याही सात मजली इमारतीत हा चमत्कार अहोरात्र घडत असतो, आणि तेथील रहिवाशांच्या सुखदुःखात त्याने तीळमात्र फरक पडत नाही. भौतिकीतील वक्रता खरी असते, पण केवळ तेवढ्याने ती अर्थपूर्ण होत नाही. समीक्षेची गल्लत नेमकी येथे होते.

बाख्तिनने काळ आणि अवकाश यांच्या अभेदाची संकल्पना सापेक्षतावादाकडून उसनी घेतली, ती जवळजवळ रूपक म्हणून. त्याच्या विवेचनातील गॉथिक कादंबरीचा किल्ला काळाने भरलेला असतो तो वंशावळी, वारसाहक्क आणि जुने अपराध त्याच्या दालनांत साठलेले असतात म्हणून. तेथील भिंती सरळच असतात.

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेचे सामर्थ्य याच जातीचे आहे. तीत अद्भुत बांधकाम नाही. 1761 मध्ये विश्वासराव वाचले असते तर, या एका फाट्यावरून इतिहास वेगळा वळतो आणि ओळखीची मुंबई परकी होऊन समोर येते. काळ वाकल्याचा धक्का बसतो, कारण पानिपताची जखम वाचकाच्या मनात कथेच्या आधीपासून असते. अधांतरी मनोऱ्यांच्या नगरीत मोडायला आधीची व्यवस्थाच नसते. मग तिथे वाकते ते काय?

या निकषावर वसईजवळचे गिरीज पाहावे. तेथील हिराडोंगरीवर वज्रगडाचे अवशेष आहेत, दत्तमंदिर आहे. खाली वाड्या आहेत आणि वसईच्या या पट्ट्यात वाटांच्या कडेला क्रूसही आहेत. गड, देऊळ आणि क्रूस यांचे काळ एकमेकांत विरघळत नाहीत, तरी एकाच वाटेवर भेटतात. 1739 मध्ये चिमाजी अप्पांच्या मोहिमेत वसई पडली आणि चर्चमधील घंटा विजयचिन्हे म्हणून देशावर गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातील घंटा त्यांपैकीच मानली जाते. तिच्यावर 1721 हे साल आहे. देऊळ 1747 चे. देवळाहून घंटा वडील! किल्ल्यातला घंटेचा मनोरा वसईच्या खाडीकाठी, आणि प्रार्थनेची वेळ सांगणारी घंटा गोदावरीच्या काठी. काळाची अशी मोडतोड रचायला कोणत्याही कल्पित भौतिकीची गरज पडली नाही, लढाई पुरली.

कल्पनेला सातबारा लागत नाही, असा प्रतिवाद होईल. लागू नयेच. परंतु कल्पिताने गृहीत धरलेली मोकळी जमीन निष्पाप असतेच असे नाही. 1990 मध्ये वसई-विरार परिसरासाठी सिडकोची विशेष नियोजन प्राधिकरण म्हणून नेमणूक झाली, तेव्हा भविष्य हा शब्द कथेतून निघून नकाशावर उतरला होता. नियोजनाच्या नकाशात वाडीला एक रंग मिळतो. तिच्या विहिरीचे पाणी गोडे राहिले की मचूळ झाले, हे त्या रंगात उमटत नाही. हरित वसई संरक्षण समितीच्या चळवळीचे नेतृत्व फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी केले. पुढे 2020 मध्ये उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांच्याकडेच आले. भूमीचा प्रश्न आणि साहित्याचा प्रश्न हे वेगवेगळ्या दालनांत ठेवण्याची सोय निदान या एका आयुष्याने तरी ठेवलेली नाही.

तथापि विज्ञानकथेच्या परीक्षणांतून ही सोय अजून सर्रास वापरली जाते. मनोरा किती उंच, त्याचे इंधन कोणते, तो अधांतरी कसा राहतो याची चर्चा पानेच्या पाने चालते. त्याची सावली कोणाच्या वाडीवर पडते, आणि त्या वाडीतली माणसे कथेच्या पहिल्या वाक्यापूर्वीच कुठे नाहीशी झाली, हा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो.