नाक राहिले, नाव हरवले

इटलीतील बोलोन्या हे युरोपातील सर्वांत जुन्या विद्यापीठाचे नगर मानले जाते. तेथे सान पेत्रोनिओच्या भव्य चर्चशेजारी ‘आर्किजिन्नासिओ’ नावाची वास्तू आहे. ते नगर पोपच्या राज्यात असताना, १५६३ साली, ती विद्यापीठासाठी उभारली गेली. तिच्या एकाच छपराखाली मेरीमातेचे प्रार्थनामंदिर आहे आणि शवविच्छेदनाचे लाकडी सभागृहही आहे. सभागृहाच्या भिंतींत नामवंत वैद्यांचे पुतळे बसविले आहेत. त्यांतील एकाच्या हातात चक्क एक नाक आहे! २९ जानेवारी १९४४ रोजी दोस्त राष्ट्रांच्या बाँबवर्षावात हे सभागृह कोसळले. युद्धानंतर ढिगाऱ्यातून लाकडाचे तुकडे वेचून ते पुन्हा उभे करण्यात आले. वारसा जपणे म्हणतात ते हे.

हाती नाक धरलेला तो वैद्य म्हणजे गास्पारे ताल्याकोत्सी (१५४५–१५९९). दंडावरील कातडीचा पदर उचलून तो नाकाच्या जागी शिवायचा आणि जोड धरेपर्यंत रुग्णाचा हात सुमारे तीन आठवडे डोक्याशी जखडून ठेवायचा, अशी त्याची रीत होती. तिचा मूळ शोध मात्र त्याचा नव्हे. पंधराव्या शतकात सिसिलीतील ब्रांका पितापुत्र आणि पुढे दक्षिण इटलीतील विआनेओ घराणे ही कला जाणत होते. घराण्याची विद्या घराण्याबाहेर सहसा जात नसे. ताल्याकोत्सीने १५९७ साली व्हेनिस येथे सचित्र लॅटिन ग्रंथ छापून तिला घराच्या उंबरठ्याबाहेर आणले. त्याच्या मृत्यूनंतर ही रीत मागे पडली आणि जवळजवळ दोन शतके युरोप तिला विसरून गेला. परंतु ग्रंथ कपाटात राहिला.

युरोपला ती विद्या पुन्हा आठवली, ती महाराष्ट्रामुळे! १७९२ च्या म्हैसूरच्या युद्धात इंग्रजी फौजेबरोबर असलेला एक मराठा गाडीवान टिपूच्या सैन्याच्या हाती सापडला. इंग्रजी नोंदीत त्याचे नाव ‘कावसजी’ असे आले आहे. टिपूच्या लोकांनी त्याचे नाक आणि एक हात कापला. सुमारे वर्षभर तो तसाच जगला. पुढे पुण्याजवळच्या विटा पाडणाऱ्या जातीतील एका कारागिराने त्याला नवे नाक दिले. मुंबई इलाख्यातील टॉमस क्रूसो आणि जेम्स फिंडले या डॉक्टरांनी ती शस्त्रक्रिया प्रत्यक्ष पाहिली. ऑक्टोबर १७९४ मध्ये लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’मध्ये तिचा सचित्र वृत्तांत प्रसिद्ध झाला.

तो वृत्तांत आजही थक्क करतो. कारागिराने मेणाच्या पातळ पत्र्याचे नाक बनविले, ते सपाट करून कपाळावर ठेवले आणि त्याभोवती रेघ ओढून तेवढी कातडी सोलली. मात्र दोन्ही डोळ्यांमधली एक बारीक पट्टी त्याने मुद्दाम अखंड ठेवली. नव्या नाकाचा रक्तपुरवठा तिच्यातूनच चालणार होता! जोडावर पाण्यात मऊ केलेला कात कापडाच्या पट्ट्यांवर पसरून बसविला, चार दिवसांनी तुपात भिजविलेल्या पट्ट्या लावल्या आणि सुमारे पंचविसाव्या दिवशी ती जोडपट्टी कापली. लंडनच्या जोसेफ कार्प्यू यांनी १८१४ साली हीच रीत यशस्वीपणे वापरली आणि १८१६ साली तिच्यावर पुस्तक लिहिले. १८१८ साली बर्लिनच्या ग्रेफे यांच्या ग्रंथात ‘भारतीय’ आणि ‘इटालियन’ या दोन्ही पद्धती शेजारी शेजारी आल्या. आजही कर्करोगानंतर वा अपघातानंतर नाक पुन्हा घडविताना कपाळावरील कातडी वापरली जाते.

या इतिहासाचा अभिमान वाटलाच पाहिजे. पण अभिमानाला अचूकतेची जोड नसेल, तर तो टाळ्यांपुरता उरतो. व्यासपीठांवरून नेहमी सांगितले जाते की, कपाळाच्या कातडीची ही रीत सुश्रुतसंहितेतील आहे. संहितेत नाकाच्या आकाराचे पान मापून गालाची कातडी घेण्यास सांगितले आहे, कपाळाची नव्हे. म्हणजे सुश्रुतानंतर कोणी तरी, कधी तरी, एक मोठी सुधारणा केली. ती कोणी केली? ठाऊक नाही. पुण्याच्या त्या कारागिराचे नाव काय? तेही ठाऊक नाही. त्या वृत्तांतात रुग्णाचे नाव आले, पाहणाऱ्या डॉक्टरांची नावे आली. करणाऱ्याची मात्र जात तेवढी नोंदली गेली.

याचा सारा दोष परक्यांच्या माथी मारता येणार नाही. केवळ शास्त्र जाणणारा किंवा केवळ हातोटी असणारा वैद्य हा एका पंखाच्या पक्ष्यासारखा असतो, असे स्वतः सुश्रुताने बजावले होते. त्याने शवविच्छेदनही सांगितले होते. पुढे मात्र पोथी एका घरात राहिली आणि शस्त्र दुसऱ्या घरात गेले. पोथीवाल्याने शस्त्राला हात लावला नाही आणि शस्त्रवाल्याला पोथी मिळाली नाही. आपल्याच समाजाने आपल्याच विद्येचा एक पंख छाटला. इटलीतही घराण्यांची गुप्तता होती, धर्मसत्ता होती, उच्चनीचता होती. परंतु तेथे एका प्राध्यापकाने कारागिरांची विद्या लेखणीने टिपली आणि विद्यापीठाने त्याचा पुतळा उभारला. दोन्ही देशांत फरक पडला तो एवढाच, पण तो फार मोठा आहे.

छाटलेला तो पंख पुन्हा जोडला जाऊ शकतो, याचा पुरावा नागपूरच्याच मातीत आहे. १९४७ साली स्थापन झालेल्या नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात डॉ. सी. बालकृष्णन यांनी १९५८ साली प्लास्टिक सर्जरीचा देशातील पहिला स्वतंत्र विभाग सुरू केला. दुभंगलेले ओठ आणि टाळू यांचे त्यांनी केलेले वर्गीकरण ‘नागपूर वर्गीकरण’ म्हणून ओळखले जाते. केवळ ओठ, केवळ टाळू, आणि ओठापासून हिरडीसह टाळूपर्यंत, असे त्याचे सुटसुटीत तीन गट आहेत. येथे हातात शस्त्र होते आणि शेजारी वहीही होती. म्हणूनच या शहराचे नाव शस्त्रक्रियेच्या पाठ्यपुस्तकात गेले. परंतु किती नागपूरकरांना हे ठाऊक आहे?

वारशाचा खरा सन्मान जयजयकाराने होत नाही. विदर्भाच्या खेड्यापाड्यांत वैदू, सुईणी आणि हाडे बसविणारे आजही आहेत. त्यांच्याजवळचे ज्ञान त्यांच्या नावानिशी नोंदवावे, त्यांच्या संमतीने आधुनिक कसोटीवर तपासावे, टिकेल ते स्वीकारावे आणि न टिकेल ते निःसंकोच सोडावे. आयुर्वेदाची व आधुनिक वैद्यकाची महाविद्यालये एकाच शहरात असताना या कामासाठी आणखी कोणाची वाट पाहायची?

मराठीत नाक म्हणजे अब्रू. पुण्याच्या त्या अनामिकाने एका गाडीवानाचे नाक परत दिले आणि देशाचेही राखले. त्याचे नाव आता सापडणे कठीण आहे. निदान त्याच्या पुढच्या वारसांची नावे तरी या पिढीने हरवू देऊ नयेत.