हप्त्याआड दडलेली मुदत

दसऱ्याच्या आणि पाडव्याच्या आगेमागे कोल्हापूरच्या वृत्तपत्रांतून, चौकाचौकांतील फलकांवरून आणि अलीकडे मोबाइलच्या पडद्यावरूनही घरांच्या ज्या जाहिराती झळकतात, त्यांत सदनिकेचे क्षेत्रफळ, देवघराची सोय, वाहनतळ आणि रंकाळ्यापासूनचे अंतर यांच्या जोडीला एक आकडा ठळक टायपात हटकून छापलेला असतो, आणि तो असतो मासिक हप्त्याचा. घराची किंमत बारीक अक्षरांत असते. कर्जाची मुदत बहुधा नसतेच. आणि त्या मुदतीच्या अखेरीस ग्राहकाच्या पदरची एकंदर किती रक्कम गेलेली असेल, हे सांगणारी जाहिरात अद्याप आमच्या पाहण्यात आलेली नाही. यात जाहिरात देणाऱ्याचाच सारा दोष आहे, असे आम्ही म्हणणार नाही. पाचगाव, कळंबा, फुलेवाडी, उचगाव या बाजूंना पसरत चाललेल्या वस्त्यांत आयुष्यातले पहिले आणि बहुधा शेवटचे घर घेऊ पाहणारा नोकरदार, उद्यमनगरातला कारागीर किंवा गोकुळ शिरगावच्या फाउंड्रीतला कामगार बँकेच्या टेबलासमोर बसतो, तेव्हा त्याच्या तोंडून पहिला प्रश्न ‘हप्ता कितीचा बसतो?’ हाच निघतो, आणि पुष्कळदा तोच शेवटचाही ठरतो.

हा प्रश्न अस्वाभाविक नाही. तो अपुरा आहे. एखाद्याने ३० लाख रुपये साडेआठ टक्के दराने २० वर्षांच्या मुदतीने घेतले, तर त्याचा हप्ता सुमारे २६ हजार ३५ रुपयांचा बसेल, आणि २४० हप्ते बिनचूक भरल्यानंतर त्याने एकंदर साडेबासष्ट लाखांच्या आसपास रक्कम दिलेली असेल, म्हणजे मुद्दलापेक्षा व्याजच अधिक. एवढे पुष्कळांना मोघम ठाऊक असते. ज्याची कल्पना सहसा नसते ती गोष्ट अशी, की हे व्याज २० वर्षांत समप्रमाणात वाटलेले नसून त्याचा मोठा भार आरंभीच्या वर्षांवर पडलेला असतो. पहिल्या महिन्याच्या २६ हजारांपैकी २१ हजार २५० रुपये व्याजाचे, आणि मुद्दलात जमा होणारे अवघे ४ हजार ७८५. पहिल्या वर्षअखेर कर्जदाराने तीन लाख १२ हजार भरलेले असतात आणि त्याचे कर्ज साठ हजारांनी उतरलेले असते. पाच वर्षे लोटल्यावरही बाकी २६ लाख ४४ हजार उरते. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा होण्यास बारावे वर्ष सरत यावे लागते. आणि निम्मे कर्ज फिटते ते जवळजवळ चौदाव्या वर्षाच्या शेवटी, जेव्हा वास्तुशांतीच्या दिवशी रांगणारे मूल दहावीचा अभ्यास करीत असते. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. उरलेल्या बाकीवर दरमहा व्याज आकारावयाचे आणि हप्ता मात्र आरंभापासून अखेरपर्यंत एकसारखा ठेवावयाचा म्हटले, की गणिताचा निकाल हाच येतो.

खरी मेख मुदतीत आहे. हेच ३० लाख १५ वर्षांत फेडावयाचे ठरवले, तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढतो आणि व्याजाचे ९ लाख ३० हजार वाचतात. उलट ३० वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता तीन हजारांहूनही थोडा कमीच उतरतो आणि व्याज साडेवीस लाखांनी वाढते. महिन्याकाठी तीन हजारांची सवलत साडेवीस लाखांना विकत घेण्याचा हा व्यवहार कोणी गुजरीतल्या दुकानात मांडला, तर गिऱ्हाईक पायरीवरूनच परत फिरेल. पण बँकेच्या टेबलावर तोच व्यवहार ‘हप्ता आवाक्यात बसवून देतो’ या सौजन्यपूर्ण शब्दांत पुढे येतो, आणि गिऱ्हाईक आभार मानून सही करते.

गहाण ही संस्था आपल्याकडे नवी नाही. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरणाच्या कायद्याने तिचे प्रकार नामनिर्देशपूर्वक वेगळे केले, त्याच्या कितीतरी आधीपासून नजरगहाण, कबजेगहाण, मुदतखरेदी ही नावे या मुलखात रूढ होती. कबजेगहाणात जमीन सावकाराकडे जाई, तिचे उत्पन्न तो व्याजापोटी घेई, आणि ऋणको स्वतःच्याच बांधावर उभा राहून आपल्या शेतातले धान्य दुसऱ्याच्या खळ्याकडे जाताना पाही. व्यवस्था निष्ठुर होती, यात संशय नाही. परंतु कर्जाची किंमत तिच्यात दर सुगीला डोळ्यांना दिसत असे. आजच्या घरकर्जात कबजा ऋणकोचाच राहतो, दारावरची पाटी त्याच्याच नावाची असते. धनकोच्या तिजोरीत जातात ते केवळ मूळ दस्त, आणि प्रॉपर्टी कार्डावर चढते ती बोजाची एक नोंद. आपल्या वेतनाचा केवढा हिस्सा दुसऱ्याच्या खळ्याकडे चालला आहे, हे या सभ्य व्यवस्थेत दिसत नाही. ते हिशेब करूनच समजून घ्यावे लागते.

हिशेब न समजल्याचे परिणाम दख्खनने एकदा भोगलेले आहेत. १२ मे १८७५ रोजी सुपे येथे उसळलेल्या आणि पुढे पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरलेल्या दंग्यांत शेतकऱ्यांचा रोख सावकारांच्या जिवापेक्षा त्यांच्या दप्तरांवर होता. कर्जरोखे हस्तगत करून ते नष्ट करणे हेच त्यांचे प्रधान उद्दिष्ट होते. त्यानंतर १८७९ मध्ये दख्खनमधील शेतकऱ्यांच्या संरक्षणार्थ जो कायदा झाला, त्याने रोख्यातला मजकूर प्रमाण मानून हुकूमनामा देण्याऐवजी मूळ व्यवहारापासूनचा हिशेब उलगडून पाहण्याचे काम दिवाणी न्यायालयांवर सोपवले. दामदुपटीचा दंडक तर त्याहून पुरातन. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलाहून अधिक वसूल करता येणार नाही, ही स्मृतिकारांपासूनची मर्यादा मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मानली. वर दिलेल्या उदाहरणात व्याज मुद्दलाच्या पुढे गेले, म्हणून दामदुपटीचा भंग झाला असे कोणास वाटेल, तसे नाही. तो दंडक एका वेळी थकीत राहिलेल्या व्याजापुरता होता, आणि आजचा कर्जदार व्याज थकूच देत नाही, ते महिन्याच्या महिन्याला इमानाने चुकते करतो. जुन्या धर्मशास्त्राचे संरक्षण थकवणाऱ्याला होते. नियमाने भरणाऱ्याला ते कधीच नव्हते. या विसंगतीची गंमत वाटण्यासारखी आहे, पण तिच्यावरून बोध एवढाच निघतो की नियमित कर्जदाराने आपली मर्यादा आपणच आखून घ्यावी.

याहूनही दुर्लक्षित अंग बदलत्या दराचे. मे २०२० पासून मे २०२२ पर्यंत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चार टक्क्यांवर स्थिर होता, आणि त्या स्वस्ताईत पुष्कळांनी पावणेसात टक्क्यांच्या आसपास कर्जे उचलली. ३० लाखांना २० वर्षांसाठी तेव्हा हप्ता बसे सुमारे २२ हजार ८११ रुपयांचा. मग अवघ्या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर अडीच टक्क्यांनी वाढून फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. ही वाढ पूर्णपणे कर्जदाराच्या माथी आली, तर दर सव्वानऊ टक्के होतो. आणि तोवर बाकी साडेएकोणतीस लाखांवर आली असे धरले, तरी तिचे एका महिन्याचे व्याज होते २२ हजार ७४० रुपये. जुन्याच हप्त्यातले ७१ रुपये तेवढे मुद्दलाकडे जातात. अशा गतीने कर्ज फेडावयाचे तर नातवाला जामीन राहावे लागेल! बँकांनी अशा वेळी हप्ता न वाढवता मुदत परस्पर लांबवण्याचा जो सोपा मार्ग धरला होता, त्याला ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने काहीसा पायबंद घातला. दर बदलल्यावर हप्ता वाढवावा की मुदत, याचा विकल्प कर्जदाराला दिला पाहिजे, आणि हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी अवस्था येऊ देता कामा नये, असे तिने बजावले. परंतु विकल्प मिळाला तरी तो वापरावा लागतो. आणि बँकेकडून आलेला संदेश न वाचताच पुसून टाकणाऱ्याला कोणते परिपत्रक वाचवणार?

या आकड्यांनी घाबरून जाऊन घरच घेऊ नये, असे सुचवण्याचा आमचा मुळीच हेतू नाही. २० वर्षांनी द्यावयाचा रुपया आजच्या रुपयाएवढा जड नसतो. वेतन वाढते तसा तोच हप्ता हलका होत जातो. आणि भाड्याच्या घरात काढलेल्या वर्षांचे पैसेही परत येत नाहीत. साडेबासष्ट लाखांतले साडेबत्तीस लाख निव्वळ तोट्याचे मानणे म्हणूनच अर्धवट अर्थशास्त्र ठरेल. मात्र याच न्यायाने, जे खर्च हप्त्याच्या आकड्यात दिसत नाहीत तेही हिशेबात धरले पाहिजेत. मुद्रांक शुल्क, नोंदणी फी, कर्जाची प्रक्रिया फी हे आरंभीच येतात. कर्जासोबत गळ्यात घातलेल्या आयुर्विम्याचा एकरकमी हप्ता पुष्कळदा कर्जातच मिळवला जातो आणि त्यावरही २० वर्षे व्याज चढते. प्राप्तिकराच्या सवलतीचे आमिष तर आता बरेच फिके पडले आहे. नव्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही, आणि जुन्या पद्धतीत ती दोन लाखांवर थांबते. शिवाय हे शहर पंचगंगेच्या काठी वसले आहे. २०१९ च्या ऑगस्टात आणि पुन्हा २०२१ च्या जुलैत राजाराम बंधाऱ्यावरची ४३ फुटांची धोक्याची पातळी कितीतरी मागे टाकून नदी ज्या घरांत शिरली, त्यांचे हप्ते काही पुराबरोबर वाहून गेले नाहीत. घर पूररेषेच्या आत आहे की बाहेर, आणि इमारतीचा विमा पुराला लागू आहे की नाही, हे प्रश्न कर्जाच्या किमतीचेच प्रश्न होत.

आता कोल्हापूरकरांच्या एका जमेच्या बाजूकडे वळू. या जिल्ह्यातल्या कितीतरी कुटुंबांची मिळकत दोन पायांवर उभी असते. शहरात नोकरी आणि गावाकडे ऊस. उसाचे बिल एकरकमी हाती येते (ऊस कारखान्याला दिल्यापासून १४ दिवसांत ते मिळावे असा दंडक आहे, तो कितपत पाळला जातो, हा निराळ्या अग्रलेखाचा विषय), आणि ते हाती पडताच दुचाकी, लग्नकार्य, गावची यात्रा अशा वाटांनी त्याला पाय फुटतात. वरच्याच कर्जात पहिल्या वर्षअखेर एक लाख रुपये मुद्दलात जादा भरले, तर शेवटचे सुमारे १८ हप्ते नाहीसे होतात, म्हणजे चार लाख ७० हजारांचे देणे एका लाखात मिटते. हेच लाख पंधराव्या वर्षी भरले तर लाभ कितीतरी थोडा. बदलत्या दराच्या घरकर्जाची मुदतपूर्व फेड केल्याबद्दल बँकांनी व्यक्तींकडून दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच ठरवून दिले आहे, त्यामुळे ही वाट निर्वेध आहे. जादा रक्कम भरताना ती मुद्दलात जमा करून मुदत कमी करावी, असे लेखी द्यावे, एवढी खबरदारी पुरे.

पतसंस्थांकडून घेतलेल्या कर्जाबाबत खबरदारी अधिक हवी. काही ठिकाणी आजही व्याज उतरत्या बाकीवर न आकारता मूळ रकमेवरच सरसकट आकारण्याची रीत आहे. दहा लाख रुपये, आठ टक्के, दहा वर्षे. व्याज आठ लाख, हप्ता १५ हजार, असा तो सुटसुटीत हिशेब. ऐकताना आठ टक्के स्वस्त वाटतात. उतरत्या बाकीच्या पद्धतीने मोजले तर हाच दर १३ टक्क्यांच्या वर जातो.

रिझर्व्ह बँकेने १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ कर्जांसाठी मुख्य बाबींचे एक विवरणपत्र सक्तीचे केले आहे. सर्व शुल्के धरून पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यागणिक मुद्दल-व्याजाची फोड त्यात असावी, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे, असा नियम आहे. १८७९ साली जे काम सर्वनाश झाल्यावर न्यायालयाकडे सोपवावे लागले, ते आता सही होण्यापूर्वी कागदावर येते, ही प्रगती लहान नव्हे. हा नियम नागरी सहकारी बँकांनाही बांधतो. पतसंस्था मात्र रिझर्व्ह बँकेच्या नव्हे, सहकार निबंधकांच्या अमलाखाली येतात. हेच विवरणपत्र मराठीत आणि ठळक अक्षरांत देण्याची सक्ती सहकार खात्याने त्यांच्यावरही करावी, अशी आमची स्पष्ट मागणी आहे.

सहकारी बँकांच्या बाबतीत आणखी एक मुद्दा आहे. ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना बदलत्या दराची नवी घरकर्जे रेपोसारख्या बाह्य मानदंडाशी जोडावी लागतात. नागरी सहकारी बँकांवर ती सक्ती नाही. २०२५ च्या फेब्रुवारी ते जून या काळात रेपो दर साडेसहावरून साडेपाचावर आला, तेव्हा आपल्या बँकेने घरकर्जाचा दर किती उतरवला, आणि ती उतरण जुन्या कर्जदारांना मिळाली की केवळ नव्या गिऱ्हाइकांना, हे विचारण्याचा अधिकार येथे सभासदाला आहे, कारण तो केवळ ऋणको नसून मालकही आहे. शाहू छत्रपतींच्या कारकीर्दीत, १९१३ साली, ज्या नगरीत कोल्हापूर अर्बन बँक उभी राहिली, तिला ही दुहेरी भूमिका समजावून सांगण्याची गरज नसावी. तरीही आपल्या जिल्ह्यातल्या वार्षिक सभांत ‘मंजूर, मंजूर’ आणि ‘नामंजूर’ यांच्या आरोळ्यांखेरीज व्याजदराविषयी एखादा शब्द क्वचितच कानी पडतो. या सभा ३० सप्टेंबरपर्यंत घ्याव्या लागतात, आणि त्यांत विचारावयाचे प्रश्न बहुतेक संस्थांत काही दिवस आधी लेखी द्यावे लागतात. तेव्हा अहवालाची प्रत हाती पडताच घरकर्जाच्या दराचा प्रश्न सभासदांनी दाखल करावा आणि त्याची पोच घ्यावी.