अपघात कागदावर येऊ द्या

आरमोरीच्या रस्त्यावर जीपने उडवले, मांडीचे हाड मोडले. प्लास्टर निघाले, पण रोवणीच्या चिखलात पाय टिकत नाही. केसपेपरवर मात्र नुसते 'पाय दुखतो'! मग भरपाई मागायची कशाच्या जोरावर? जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० यादीत मोटार अपघाताच्या मागे राहिलेल्या परिणामांना वेगळा संकेतांक आहे, वाय ८५.०, मांडीच्या हाडासाठी टी ९३.१. डॉक्टरसाहेबांना अपघाताची तारीख सांगा, संबंध लिहून घ्या. टक्केवारी कमी निघाली म्हणून हातपाय गाळू नका. राजकुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली स्पष्ट केले, की अपंगत्वाची टक्केवारी म्हणजेच कमाईतली घट नव्हे. माणसाचा धंदा पाहावा लागतो. खुर्चीवरच्या बाबूचा पाय आणि नांगरामागचा पाय सारखा कसा? सरपंच, पोलीस पाटलांनी पहिल्याच दिवशी ठाण्यात नोंद करवावी. दावा सहा महिन्यांच्या आत लावावा.