माळावर तरवडच हवा

पावसाळा जवळ आला की वृक्षारोपणाचे आकडे जाहीर होऊ लागतात. 2017 ते 2019 या तीन वर्षांत महाराष्ट्र सरकारने 50 कोटी झाडे लावण्याचा संकल्प केला होता; त्यातला 33 कोटींचा वाटा एकट्या 2019 च्या पावसाळ्याचा. अशा संकल्पांमागची तळमळ खरी आहे. पण देशावरच्या आणि मराठवाड्यातल्या कोरड्या टेकड्यांवर खड्डे खणण्याआधी तिथे आधीच काय उगवले आहे, याची नोंद फारशी घेतली जात नाही. तिथे बहुधा तरवड असतो. कमरेपासून पुरुषभर उंचीचे झुडूप, पिवळ्याधमक फुलांचे घोस, कागदासारख्या चपट्या तपकिरी शेंगा. सोलापूर, बीड, अहिल्यानगरच्या कमी पावसात आणि मुरमाड जमिनीत त्याला कोणी पाणी घालत नाही, कुंपण करत नाही. लागवडीसाठी जागा साफ करताना मात्र कोयता आधी त्याच्यावर पडतो आणि अनेक ठिकाणी त्याच्या जागी गिरिपुष्प येते. हा व्यवहार तोट्याचा आहे. कमी पावसाच्या माळांवर तरवड राखला पाहिजे, विरळ झाला असेल तिथे पेरला पाहिजे आणि गिरिपुष्पाची लागवड थांबवली पाहिजे.

दोन्ही वनस्पती शेंगांच्या, म्हणजे वाल-तुरीच्याच कुळातल्या. पण गिरिपुष्प मूळचे मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतले, तरवड भारत-श्रीलंकेतला. गिरिपुष्पाची फांदी खोचली तरी जगते, म्हणून ते लावणाऱ्यांना सोयीचे वाटले. पुण्याच्या टेकड्यांवर त्याची दाट लागवड झाली आहे आणि त्याच्या गच्च सावलीखाली गवत तग धरत नाही. गवत गेले की जमिनीवर घरटी करणारे चंडोल जातात, तित्तिर जातात. तरवडाच्या झुडपांमध्ये मोकळी जागा राहते आणि त्या जागेत गवत वाढते. त्याच्या पानांवर पिवळसर-पांढऱ्या फुलपाखरांच्या काही जातींच्या अळ्या पोसतात. फुलाची रचना तर थांबून पाहावी अशी. त्यात मध नसतो, असतात ते फक्त परागकण, आणि तेही परागकोशाच्या टोकाशी असलेल्या बारीक छिद्रातूनच बाहेर पडतात. मोठा काळा भुंगा फुलाला घट्ट धरून अंग थरथरवतो, तेव्हा पराग बाहेर उडतात. काही पुंकेसरांचे पराग त्याच्या पोटासाठी, तर लांब पुंकेसरांचे पराग त्याच्या अंगाला चिकटून दुसऱ्या फुलापर्यंत जाण्यासाठी. इतका काटेकोर संबंध जुळायला फार मोठा काळ लागतो. नर्सरीतून आणलेल्या परक्या रोपाबरोबर तो मिळत नाही.

यावर सर्वांत वजनदार आक्षेप जमिनीच्या कसाचा. गिरिपुष्पाच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नत्र जमिनीत आणतात, त्याचा पाला उत्तम हिरवळीचे खत होतो. तरवड शेंगाकुळातला असूनही त्याच्या मुळांवर अशा गाठी होत नाहीत. हे मान्यच करायला हवे. शेताच्या बांधावर, खतासाठी, गिरिपुष्पाला कोणी हरकत घेऊ नये. पण माळ म्हणजे शेत नव्हे. इथली गवते आणि कंद हलक्या, कमी कसाच्या जमिनीलाच सरावलेले आहेत. तिथे नत्र वाढला की फायदा होतो तो भराभर वाढणाऱ्या तणांचा, आणि मूळचे गवत मागे पडते.

दुसरा आक्षेप असा की तरवड दाट दिसतो तिथे अतिचराई झालेली असते, मग बिघाडाची ही खूण जपायची कशाला? गुरे-शेळ्या त्याला सहसा तोंड लावत नाहीत, म्हणून बाकीचे चरून संपले तरी तो उरतो, हे खरेच आहे. पण माती धरून ठेवणारे जे एकमेव झुडूप उरले, तेच उपटले तर पहिल्याच वळवात ती माती ओढ्यात जाईल. काही वर्षे चराई आवरली तर त्याच झुडपांच्या मधून गवत परत येऊ शकते. झुडपाने सावली मिळत नाही, कार्बन साठत नाही, असेही म्हटले जाते. सावलीसाठी गावाजवळ, रस्त्याकडेला वड, पिंपळ, लिंब लावायला जागा आहे. आणि गवताळ माळाचा बराचसा कार्बन जमिनीखाली, मुळांत आणि मातीत असतो. वणव्यातही तो टिकतो. अडचण आपल्या हिशेबात आहे. देशाच्या पडीक जमिनींच्या नकाशात झुडपी माळ ‘पडीक’ म्हणून मोजला जातो, आणि पडीक ठरलेल्या जागेवर काहीही लावले तरी ती सुधारणाच वाटते.

तरवडाचे माणसाशीही जुने नाते आहे. रासायनिक पद्धती येण्यापूर्वी त्याच्या सालीने कातडी कमावली जात. आयुर्वेदात तो आवर्तकी म्हणून ओळखला जातो. शेजारच्या तेलंगणात बतुकम्मा सणाच्या फुलांच्या उतरंडीत त्याला मानाची जागा आहे, आणि 2014 साली राज्य झाल्यावर त्यांनी तेच आपले राज्यफूल ठरवले. आपल्याकडे ताम्हण राज्यफूल आहे आणि ते योग्यच आहे; पण तेलंगणाने माळावरच्या झुडपाला दिलेला हा मान आपणही देऊ शकतो. वन विभाग, नगरपालिका आणि टेकड्यांवर श्रमदान करणाऱ्या संस्थांना विनंती आहे की खड्डे आखण्याआधी त्या जागेवरच्या झुडपांची आणि गवतांची यादी करा. तरवडाच्या वाळलेल्या शेंगा गोळा करा. बियांचे कवच कठीण असते, म्हणून त्या गरम पाण्यात भिजवून पावसाच्या तोंडावर थेट जमिनीत टोचा. आणि शासनाने लागवडीच्या अहवालात झाडांच्या संख्येशेजारी राखलेल्या झुडपी माळाच्या हेक्टरांसाठीही एक रकाना ठेवावा.