पोपचा जल्लाद

या अंकातला मुख्य लेख देहदंडावर आहे. त्याआधी जोव्हान्नी बुगात्ती यांची ओळख करून घ्या. रोमकर त्यांना ‘मास्त्रो तित्ता’ म्हणत. 1796 ते 1864 अशी 68 वर्षं त्यांनी पोपच्या राज्यात जल्लादाची नोकरी केली. त्यांच्या हिशेबाच्या वहीत 516 जणांची नोंद आहे. एरवी ते रंगवलेल्या छत्र्या विकत. कामाशिवाय तिबर नदीचा पूल ओलांडायला त्यांना मनाई होती, त्यामुळे ते पुलावर दिसले की आज कुणाचं तरी मरण आहे हे गावाला कळायचं. कैद्याला ते चिमूटभर तपकीर देऊ करत म्हणे.

सुरुवातीला कुऱ्हाड, हातोडा, दोर, मग गिलोटिन. ज्या फ्रेंच क्रांतीच्या नावानं पोपचा दरबार बोटं मोडायचा, तिचं यंत्र मात्र बिनबोभाट वापरात आलं! 1845 साली चार्ल्स डिकन्सनं रोममध्ये एक शिरच्छेद पाहिला. रक्ताच्या चिळकांड्या मोजून लोक त्या आकड्याची लॉटरी घेतात, असं त्यानं लिहून ठेवलंय. मारेकऱ्यापेक्षा मला ही गर्दी जास्त अस्वस्थ करते.

नववे पायस यांनी बुगात्तींना निवृत्तिवेतन दिलं. व्हॅटिकननं देहदंडाची शिक्षा कायद्यातून काढली ती 1969 साली.