माहितीपटवाल्याने जगायचं कशावर?

पनवेल-कर्जत गाडी चौकजवळ आली की इर्शाळगडाचा सुळका दिसू लागतो. या चौकजवळच कलादिग्दर्शक नितीन देसाईंनी 2005 साली एन. डी. स्टुडिओ उभारला. ‘जोधा अकबर’साठी तिथे आग्र्याचा किल्ला उभा राहिला. गडाच्या कुशीतली ठाकर आदिवासींची इर्शाळवाडी मात्र पडद्यावर आली ती 19 जुलै 2023 च्या रात्री दरड कोसळल्यावर. पायवाटेने जेसीबी चढेना, म्हणून माणसांनी हातांनी ढिगारा उपसला. 27 मृतदेह सापडले, 57 जण बेपत्ता राहिले आणि चार दिवसांत शोध थांबला. वाहिन्यांच्या गाड्याही निघून गेल्या.

त्यानंतरचं कंटेनरमधलं जगणं, मग सिडकोची घरं, डोंगर सुटल्यावरची रोजची ओढाताण हे सगळं टिपायचं तर कोणीतरी वर्षानुवर्षं तिथे जात राहायला हवं.

माहितीपटकार आनंद पटवर्धनांनी मुंबईत असं काम केलं. ‘बॉम्बे: आवर सिटी’त त्यांनी शाहीर विलास घोगरेंना गाताना टिपलं होतं. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले आणि त्या धक्क्याने घोगरेंनी आयुष्य संपवलं. पटवर्धन कॅमेरा घेऊन निघाले ते 2011 साली ‘जय भीम कॉम्रेड’ घेऊनच थांबले. 14 वर्षं! वस्त्या, जलसे, कोर्टकचेऱ्या, सगळं त्यात आलं. शिवाय ‘राम के नाम’ दूरदर्शनवर दिसावा म्हणून हायकोर्टाची पायरी चढावी लागली, ‘वॉर अँड पीस’वरच्या सेन्सॉरच्या कात्रीविरुद्ध पुन्हा तीच. अशा खमकेपणाची अपेक्षा सगळ्यांकडून कशी करायची?

बाहेरचं उदाहरण घ्या. नॉर्वेच्या दिया खान मूळच्या गायिका. ‘बनाझ’ या पहिल्याच माहितीपटाला 2013 मध्ये एमी मिळाला. पुढे ‘व्हाइट राइट’साठी त्या अमेरिकेतल्या नवनाझींसमोर जाऊन बसल्या. धाडस त्यांचंच. पण त्यांच्या देशात सरकारी चित्रपट संस्था माहितीपटांना पैसा पुरवते, त्यामुळे तिथे या धंद्यात पडणारा अगदीच वेडा ठरत नाही.

आपल्याकडे 1948 पासून केंद्र सरकारची फिल्म्स डिव्हिजन होती. सिनेमाआधीच्या तिच्या रिळांना लोक कंटाळायचे हे खरं, पण दिग्दर्शकाला काम मिळायचं आणि प्रेक्षक आयता बसलेला असायचा. 2022 मध्ये ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली.

इर्शाळगडाच्या आसपासच्या, कर्जत-खालापुरातल्या पोरांना शूटिंग नवं नाही. एन. डी. स्टुडिओ दाराशीच आहे. राज्य सरकारने त्यांच्यातल्या चार-पाच जणांना माहितीपटासाठी पाठ्यवृत्ती द्यावी. विषय त्यांच्या वाडीतच आहेत. दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर गेलेली कातकरी कुटुंबं पावसाच्या तोंडावर परततात. त्यांची एक फेरी टिपायलाही वर्ष जातं. त्यामुळे पाठ्यवृत्ती किमान तीन वर्षांची हवी आणि पैसे दरमहा हातात पडायला हवेत.