झेंडीमागची यात्रा

परदेशांत चार दिवस हिंडून आलेल्या आपल्याकडील शिष्ट मंडळींस जपानाविषयीं लिहावयाचें झालें म्हणजे त्यांची लेखणी दोनच वाटांनीं धांवते. एक वाट फुजी पर्वत, चहाचा समारंभ, वक्तशीर आगगाड्या आणि केरकचरा नसलेले रस्ते यांची. दुसरी, ‘असा हा कर्तबगार देश, पण तेथील मुलें बाहुल्यांच्या आणि चित्रांच्या नादीं लागून कशीं वाया गेलीं पहा,’ या हळहळीची. ही दुसरी वाट बहुधा टोकियो शहरांतील अकिहाबारा या पेठेंत जाऊन संपते. असे दोनतीन लेख गेल्या वर्षादीडवर्षांत आमच्या वाचनांत आले. ते वाचतांना आम्हीं मान डोलाविली होती, हें प्रथमच कबूल करून टाकतों. कारण पुढील मजकुरांत ज्यांच्यावर आमचा रोख आहे त्यांत आमचीही गणना होते.

२०२४ सालच्या ऑक्टोबरांत आम्हांस टोकियोस जाण्याचा योग आला. आमचा भाचा तेथें संगणकाच्या नोकरीवर असून, निशिकासाई नांवाच्या ज्या भागांत आपल्याकडील कुटुंबांची मोठी वस्ती आहे, तेथें राहतो. “मामा, देवळें आणि संग्रहालयें पुष्कळ झालीं, आतां अकिहाबारा पाहा. इंग्रजींत सांगणारा माणूस बरोबर असतो, तुम्हांस कांहीं त्रास पडणार नाहीं,” असें म्हणून त्यानें एका रविवारीं दुपारीं वाटाड्यासह निघणाऱ्या एका फेरींत आमचें नांव घातलें. मंडळी पंधरासोळा होती. बहुतेक गोरीं, दोघे दिल्लीकडील, आणि आम्ही. वाटाड्या तरुण, चलाख, हातांत पिवळी झेंडी घेतलेला. स्टेशनाबाहेर सर्वांस गोळा करून त्यानें सांगितलें कीं, आतां आपण ओताकूंच्या राज्यांत शिरत आहों. भिऊं नका, ते चावत नाहींत. मंडळी हंसली. आम्हीही हंसलों.

‘ओताकु’ या शब्दाची कुळकथा त्या वाटाड्यास ठाऊक नव्हती, किंवा ठाऊक असून त्याच्या तीन तासांत तिला जागा नव्हती. ‘ताकु’ म्हणजे घर. त्यास आदराचा ‘ओ’ लाविला म्हणजे ‘आपलें घर’ असा अर्थ होतो, आणि त्यावरून समोरच्या मनुष्यास किंचित् अंतर राखून ‘आपण’ म्हणण्याचें तें एक सभ्य संबोधन झालें आहे. चित्रकथांच्या वेडानें एकत्र जमणारे तरुण एकमेकांस याच शब्दानें हांक मारीत. १९८३ सालीं नाकामोरी अकिओ या लेखकानें एका मासिकांत या लकबीवरून त्यांची टर उडविली, आणि संबोधनाची शिवी झाली. पुढें १९८९ सालीं चार लहान मुलींच्या खुनांबद्दल एका इसमास अटक झाली; त्याच्या खोलींत हजारों चित्रफितींचे ढीग सांपडले. वर्तमानपत्रांनीं तोच शब्द उचलला आणि एका नराधमाचें पाप असंख्य निरुपद्रवी मुलांच्या माथीं मारलें. आदराच्या शब्दास उपहासाचा वास कसा लागतो हें आम्हां शिक्षकांस कोणीं समजावून सांगावयास नको. ‘पंतोजी’ हा शब्दही एके काळीं नमस्कार घेऊन येत असे.

मंडळींस प्रथम उड्डाणरेल्वेच्या रुळांखालील एका बोळांत नेण्यांत आलें. दोन माणसें एकमेकांस अंग चोरून जाऊं शकतील एवढीच त्याची रुंदी, आणि दोन्ही अंगांस माचीएवढ्या दुकानांत लहान लहान कप्प्यांतून रेडिओचे सुटे भाग मांडलेले. तारा, स्विचें, रोधक, धारक, जुन्या कांचेच्या नळ्या. आमच्या पुण्याच्या तपकीर गल्लींतून किंवा मुंबईच्या लॅमिंग्टन रस्त्यावरून जो कधीं हिंडला आहे त्यास तो वास ओळखूं यावा. वाटाड्यानें येथें दीड मिनिट दिलें. “हा जुना भाग, येथें आतां विशेष कांहीं नाहीं,” असें सांगून त्यानें झेंडी वर केली.

वस्तुतः अकिहाबारा म्हणजे काय, याचें सारें उत्तर त्या बोळांत होतें. १८६९ सालच्या आगीनंतर या ठिकाणीं मोकळी जागा राखून अग्निनिवारणासाठीं एक देवस्थान स्थापण्यांत आलें. आगीपासून राखणारा अकिबा देव तो हाच, असें समजून लोकांनीं त्या मैदानास त्या देवाचें नांव दिलें. देवस्थान पुढें हलविलें, नांव तेवढें राहिलें. १८९० सालीं तेथें मालगाड्यांचें स्टेशन झालें. दुसऱ्या महायुद्धानंतर, टोकियो जळून बेचिराख झालें असतां, लष्करी मालाच्या मोडींतून आलेल्या नळ्या आणि तारा घेऊन रस्त्याच्या कडेस लोक बसूं लागले. जवळच विजेचें शिक्षण देणारी शाळा होती. तिचे विद्यार्थी हे भाग विकत घेऊन रेडिओ जुळवीत आणि तो विकून पोट भरीत. १९४९ सालीं अमेरिकन अंमलदारांनीं रस्त्यावरचीं दुकानें उठविण्याचा हुकूम काढला, तेव्हां हींच माणसें रुळांखालच्या कमानींत शिरलीं. त्यांच्या मागून घरगुती विजेचीं यंत्रें आलीं, १९७६ च्या सुमारास हातानें जुळवावयाचे संगणक आले, आणि १९९५ सालच्या ‘इव्हॅन्गेलियन’ या चित्रमालिकेनंतर तिच्या पात्रांच्या मूर्ति विकणारे आले. मोरिकावा काइचिरो यांनीं २००३ सालीं प्रसिद्ध केलेल्या ग्रंथांत ही गोष्ट फार चांगली मांडिली आहे: ही पेठ कोणा सरकारानें आंखली नाहीं कीं कोणा भांडवलवाल्यानें उभारली नाहीं, विशिष्ट आवडीचीं माणसें तेथें आधीं जमलीं आणि त्यांच्या आवडीनें शहराचा एक भागच आपल्या रूपाचा करून घेतला. रेडिओ जुळविणाऱ्या पोराचा नातू तो हा चित्रें जमविणारा पोर. नातवाकडे बोट दाखवून हंसावयाचें आणि आजोबास दीड मिनिटांत उरकावयाचें, यास ज्ञान देणें म्हणत नाहींत.

दासीवेषधारी मुली जेथें चहा देतात त्या उपाहारगृहाविषयीं वाचकांनीं पुष्कळ वाचलें असेल. २००१ पासून अशीं गृहें या पेठेंत आहेत. आम्हांसही तेथें बसविण्यांत आलें, ‘घरीं परत या, धनीसाहेब’ असें आमचें स्वागत झालें, अंड्याच्या पोळीवर टोमॅटोच्या रसानें मांजर काढून देण्यांत आलें. मुली थकलेल्या दिसत होत्या. एवढ्यावर आम्ही तो विषय सोडतों.

ज्या प्रसंगामुळें हा लेख लिहावा लागला तो पुढचा. जुन्या चित्रकथा आणि खेळणीं विकणारी एक अनेक मजल्यांची इमारत आहे. तिच्या वरच्या एका मजल्यावर चाळिशीचा एक गृहस्थ, अंगांत कचेरीचा काळा कोट, पायाशीं चामड्याची पिशवी, एक जीर्ण मासिक दोन्ही हातांनीं उघडून वाचीत उभा होता. तो तें हाताळीत होता त्या रीतीकडे आमचें लक्ष गेलें, कारण आमच्या ग्रंथालयांतील जुन्या पोथ्या आम्ही तसेंच हाताळतों: पान वरच्या कोपऱ्यास धरून, श्वास आंवरून. आमच्या मंडळींपैकीं एकानें त्याच्या खांद्यावरून आपलें यंत्र पुढें करून छायाचित्र घेतलें. गृहस्थानें मागें पाहिलें. समोर सोळा माणसें आणि एक पिवळी झेंडी! त्यानें मासिक मिटलें, कागदी वेष्टनांत घातलें, होतें तेथें ठेविलें, आम्हांसच वांकून नमस्कार केला, क्षमा मागितली आणि पिशवी उचलून जिना उतरून गेला. वाटाड्या म्हणाला, “जात लाजाळू आहे.” पुन्हां हंशा झाला. या वेळीं आम्ही हंसलों नाहीं, परंतु बोललोंही नाहीं. आणि न बोलण्याचा दोष हंसण्याच्या दोषाहून लहान आहे असें आम्हांस वाटत नाहीं.

आतां आमच्या लेखक मित्रांस विचारावयाचें तें हें कीं, त्या खोलींत विकृत कोण होतें? जो आपल्या पैशानें आपल्या सुटीच्या दिवशीं एका जुन्या छापील कागदावर प्रेम करीत होता तो, कीं जे त्याचें प्रेम पाहण्यासाठीं तिकीट काढून आले होते ते? आम्हीं स्वतः आयुष्याचीं तीस वर्षें एलिझाबेथकालीन नाटकांच्या निरनिराळ्या छापील प्रतींतील स्वल्पविराम ताडून पाहण्यांत घालविलीं आहेत. आमच्या ओळखीचे एक गृहस्थ नाट्यसंगीताच्या जुन्या तबकड्या जमवितात आणि तबकडीवरील चिठ्ठीच्या रंगावरून तिची आवृत्ति सांगतात. त्यांच्या पत्नीचें मत कांहीं असो, पुण्यांत त्यांस रसिक म्हणतात. आम्हांस विद्वान् म्हणतात, निदान निरोपसमारंभांत. तीच एकाग्रता, तोच हव्यास, तीच जगाकडे पाठ. फक्त विषय शेक्सपिअर नसून रंगीत केसांची एक काल्पनिक मुलगी आहे, म्हणून तेवढ्यावरून एकास पदवी आणि दुसऱ्यास पिंजरा? तेझुका ओसामु यांनीं बुद्धाचें चरित्र चित्रकथेंतून सांगण्यांत दहा वर्षांहून अधिक काळ घालविला, हें आमच्या टीकाकारांपैकीं किती जणांस ठाऊक आहे?

यावर उत्तर येईल कीं, तुम्ही तेथील घाण पाहिली नाहीं. पाहिली. त्या दुकानांत अल्पवयी मुलींचीं जीं कांहीं चित्रें विकलीं जातात त्यांचें समर्थन आम्ही करणार नाहीं, आणि कलास्वातंत्र्याचें नांव पुढें करून कोणीं तें केलें तरी आम्हांस तें पटणार नाहीं. शाळकरी मुलींस पुरुषांसोबत फिरावयास पाठवून पैसे कमावण्याचा धंदा याच रस्त्यांवर चालत असे. तो आंवरण्यासाठीं टोकियोच्या शासनास २०१७ सालीं कायदा अंमलांत आणावा लागला. हे प्रश्न गंभीर आहेत, आणि ते गंभीर आहेत म्हणूनच आमचें गाऱ्हाणें आहे: तीन तासांत त्यांचा उच्चारही झाला नाहीं. वाचणाऱ्या गृहस्थाची थट्टा करावयास वेळ होता, मुलींच्या व्यापाराविषयीं एक वाक्य बोलावयास नव्हता.

नाहीं म्हणावयास एका चौकांत वाटाड्या गंभीर झाला. ८ जून २००८ रोजीं, रविवारीं, रस्ता पादचाऱ्यांसाठीं मोकळा असतां एका तरुणानें येथें मालमोटार गर्दींत घातली आणि मग सुरा घेऊन तो लोकांवर धांवला. सात माणसें मेलीं, दहा जखमी झालीं. रविवारचा मोकळा रस्ता त्यानंतर २०११ च्या जानेवारीपर्यंत बंद होता. वाटाड्याच्या सांगण्याचा सूर असा कीं, चित्रांच्या वेडाचा शेवट हा असा होतो. तो तरुण मोटारीच्या कारखान्यांत कंत्राटी मजूर होता, आणि ती नोकरी जाईल या धास्तींत होता, हें सांगण्याचें त्यास कारण वाटलें नाहीं. मंडळींनीं चौकाचीं छायाचित्रें घेतलीं.

आमचा आक्षेप वाटाड्या असण्यावर नाहीं. पॅट्रिक गॅलब्रेथ या अमेरिकन अभ्यासकानें एका लोकप्रिय चित्रकथेंतील वीराचा वेष करून कांहीं काळ परदेशी पाहुण्यांस याच पेठेंत हिंडविलें, आणि २००९ सालीं ओताकूंच्या परिभाषेचा एक कोशही प्रसिद्ध केला. पोशाख हास्यास्पद खरा, पण त्यांत हंसें होत असे तें दाखविणाऱ्याचें. अशा मनुष्याबरोबर आम्ही आनंदानें पुन्हां जाऊं. आमचा आक्षेप त्या धंद्यावर आहे, ज्यांत मालक मालास ओळखीत नाहीं आणि माल म्हणून माणसें विकतो. जपान सरकारही यांत निर्दोष नाहीं. वर्तमानपत्रांनीं ज्यांस राक्षस ठरविलें त्यांच्याच आवडीनिवडी पुढें राष्ट्राची शोभा म्हणून जगास विकण्यासाठीं २०१३ सालीं सरकारी भांडवलाचा एक निधि उभारण्यांत आला. शोभा विकली जाते, पण दुकानें मिटतात. रुळांजवळचें ‘रेडिओ स्टोअर’ २०१३ सालींच बंद झालें, सेगा कंपनीची एक मोठी खेळशाळा २०२० सालीं, आणि हौशी लेखकांचीं पुस्तकें विकणारें ‘तोरानोआना’ येथून २०२२ सालीं उठलें. याचा दोष आम्ही प्रवाशांवर घालीत नाहीं. घरबसल्या खरेदी आणि महामारी यांनीं तें काम केलें. पण गिऱ्हाईक गेलें आणि पाहुणा उरला, तर ती पेठ राहत नाहीं.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं आम्ही भाच्यास घेऊन, झेंडीशिवाय, त्या रुळांखालच्या बोळांत पुन्हां गेलों. आमच्या घरीं वडिलांच्या वेळचा एक रेडिओ पडून आहे. त्याची एक नळी गेली, तेव्हांपासून तो मुका आहे. दुकानांतील म्हाताऱ्यानें नळीचा क्रमांक विचारिला. तो आम्हांस कोठला ठाऊक? भाच्यानें पुण्यास फोन लाविला. तेथें अजून उजाडावयाचें होतें. घरांतून थोडी बोलणीं खाल्ल्यावर रेडिओची पाठ उघडून क्रमांक वाचून दाखविण्यांत आला: ईएल ८४. म्हाताऱ्यानें मान हलविली, “सहा बीक्यू पांच,” असें तिचें आपल्याकडील नांव उच्चारलें, आणि न पाहतां मागच्या कप्प्यांत हात घातला. नळी एका तपासणीयंत्रांत बसवून त्यानें कांटा कोठपर्यंत चढतो तें आम्हांस दाखविलें, तसेंच दुसऱ्यांदा दाखविलें, मग वर्तमानपत्राच्या तुकड्यांत ती गुंडाळली. आमच्या मागें दोन तरुण आपापल्या यादीचे कागद हातांत धरून उभे होते. आमच्याकडे कोणीही पाहत नव्हतें.